डावा खांदा, पाऊण इंच वर

आमच्या कंपनीत हेडफोन यायला सात वर्षं लागली आणि कोट यायला सतरा दिवस.

ऐंशीचं दशक सरत आलं होतं. अंधेरी पूर्वेच्या औद्योगिक वसाहतीत पाण्याचे पंप बनवणारी ही कंपनी होती आणि मी तिथे टेलिफोन ऑपरेटर होते. काचेच्या दरवाजातून आत आलं की समोर मी आणि माझा बोर्ड. बाहेरच्या चार लाइनी, आतली तीस एक्स्टेन्शन. उजव्या हाताने कॉर्ड खुपसायच्या, डाव्या हाताने खटके दाबायचे, मधेच पेन्सिल उचलून निरोप लिहून घ्यायचा. रिसीव्हर धरायला तिसरा हात नसल्यामुळे तो डावा खांदा आणि कान यांच्यामध्ये दाबून धरायचा. सकाळी नऊपासून साडेपाचपर्यंत. बोर्डावर बसणाऱ्या सगळ्याच बाया असं करत. त्यात काही विशेष आहे असं मला वाटत नव्हतं. फक्त मान दुखायची, म्हणून नोकरीला लागल्यावर सहा महिन्यांनी मी हेडफोनसाठी अर्ज केला. ‘नोंद घेतली आहे’ असं उत्तर आलं. पुढच्या वर्षी पुन्हा केला, पुन्हा नोंद घेतली. तिसऱ्या अर्जाची नोंदही घेतली नाही.

तरी मला ते काम आवडायचं. तीस माणसं मी नुसत्या खाकरण्यावरून ओळखत असे. कोण कोणाशी बोलायचं टाळतो, कोणाचा फोन आला की कोण जाग्यावर नसतो, हे मला त्यांच्या बायकांच्या आधी कळे. दुपारी दोन ते तीन लाइनी झोपत, तेव्हा मांडीवर वाचनालयाचं पुस्तक असे. एका बाईला इतकी सत्ता आणि वाचायला एक तास देणारी दुसरी नोकरी उपनगरांत असेल असं मला वाटत नाही.

आणि मग आमच्याशी करार करणारे परदेशी पाहुणे येणार असं ठरलं.

आमचे पर्सोनेल ऑफिसर नुकतेच कसल्याशा तीन दिवसांच्या शिबिराला शहरातल्या एका मोठ्या हॉटेलात जाऊन आले होते. तिथे काय शिकवलं ते शेवटपर्यंत कळलं नाही, पण तिथल्या स्वागतिका कोट घालतात हे त्यांनी पाहिलं होतं. आठवड्याभरात परिपत्रक निघालं. ‘दर्शनी भागातील महिला कर्मचाऱ्यांना साडीवर परिधान करण्यासाठी सुबक व भारदस्त कोट देण्यात येईल.’

दर्शनी भागात आम्ही दोघीच होतो. मी आणि माझ्या मागच्या टेबलावरची टायपिस्ट. ती घाटकोपरची, माझ्याच वयाची, जिभेने माझ्याहून तिखट.

“काय गं,” ती परिपत्रक वाचून म्हणाली, “मी सहा वर्षं स्वतःला टायपिस्ट समजत होते. मी दर्शनी भाग निघाले.”

“मागून की पुढून?”

“ते नाही लिहिलंय. पण भारदस्त व्हायचंय आपल्याला. वाट लागली ना यार, साडीवर कोट! माझा नवरा विचारेल, कुठल्या विमानात चढवते लोकांना.”

कोट शिवायचं काम मालाडच्या एका शिंप्याला दिलं होतं. तो माप घ्यायला येईल अशी आमची समजूत होती. पण पर्सोनेलच्या साहेबांना ते प्रशस्त वाटेना. पुरुष शिंपी, महिला कर्मचारी, वर पुन्हा कंपनीचा वेळ. त्यांनी घसा साफ केला आणि सांगितलं, “मॅडम, तुम्ही दोघी आपापला मापाचा ब्लाउज आणून द्या.”

आता मापाचा ब्लाउज ही आपल्याकडची पक्की रीत. शिंप्याकडे बाई जात नाही, तिचा जुना ब्लाउज जातो. तो कपाटात तळाशी, विटलेला, एक हुक गेलेला, पण अंगाला सगळ्यांत नीट बसलेला असतो. वर्षानुवर्षं त्याच्यावरून पुढचे ब्लाउज बेतले जातात, आणि मधे बाईचं काय झालं ते टेप लावून कोणी बघत नाही. आम्ही आपापले ब्लाउज वर्तमानपत्रात गुंडाळून आणले. कंपनीचा नियम कडक असल्यामुळे दरवाजाबाहेर जाणाऱ्या प्रत्येक वस्तूची जावक रजिस्टरमध्ये नोंद व्हायची. ‘ब्लाउज, वापरलेले, नग दोन.’ पंपाच्या सुट्या भागांच्या मधोमध.

शिंप्याने खांद्याच्या पॅडचे तीन नमुने पाठवले होते. लहान, मध्यम, मोठे. तेव्हा पॅडची फॅशन जोरात होती. मालाडच्या बाजारात प्लॅस्टिकच्या पिशव्यांत जोड्या लटकत आणि कॉलेजच्या मुलींचे खांदे रातोरात पहिलवानांसारखे झाले होते. कुठला पॅड आमच्या खांद्यांना बसेल हे आम्हाला कोणी विचारलं नाही. साहेबांनी तिन्ही टेबलावर मांडले, अंगठ्याने दाबून पाहिले, एकेक उचलून आपल्या सफारीच्या खांद्यावर ठेवून पाहिला आणि मोठा निवडला. दोघींनाही तोच.

“भारदस्त वाटलं पाहिजे,” ते म्हणाले.

कोट आले. गडद निळे, पितळी बटणांचे. साहेबांच्या केबिनमध्ये आम्हाला घालून दाखवायला बोलावलं. टायपिस्टला तिचा बसला, म्हणजे आतल्या बाईची तक्रार सोडली तर बाहेरून बसला. माझा मात्र अंगावर चढताच रुसला. डावीकडचा पॅड कानाखाली टोचत होता. उजवीकडचा खांद्यावरून पुढे निघून हवेत लोंबत होता, घराला छज्जा काढावा तसा. पुढच्या बटणांची ओळ उजवीकडे कलली होती.

साहेबांनी माझ्याकडे बघितलं, मग कोटाकडे.

“मॅडम, सरळ उभ्या राहा.”

“सरळच उभी आहे.”

“नाही, तुम्ही वाकड्या उभ्या आहात.”

मी पाय जुळवले, श्वास घेतला. कोट जागचा हलला नाही.

“शिंप्याचं म्हणणं आहे,” साहेब चिठ्ठी वाचत म्हणाले, “की तुमचा मापाचा ब्लाउज मुळात चुकीचा शिवलेला होता. एक खांदा वर, एक खाली. त्याने ती चूक दुरुस्त करून दोन्ही बाजू सारख्या कापल्या.”

“मग कोट चुकला.”

“कोट सरळ आहे, मॅडम. मी पट्टी लावून बघितलाय.” त्यांनी खरंच लावली होती. पट्टी टेबलावर पडली होती. “सोमवारपर्यंत हा नीट दिसला पाहिजे. पाहुणे बुधवारी येतायत. नाहीतर तुम्ही डिस्पॅचला बसा, बोर्डावर दुसरं कोणी बसेल.”

“बुधवारपुरतं?”

“ते पुढे बघू.”

डिस्पॅच म्हणजे गोदामामागची खोली. खिडकी नाही, एक बल्ब, डिंकाचा डबा आणि पाकिटं. तिथे ‘पुढे बघू’ म्हणून पाठवलेला माणूस पुन्हा पुढे आलेला मी पाहिला नव्हता. दिवाळीपुरता पाठवलेला एक स्टोअरकीपर चार दिवाळ्या तिथे होता.

कोट पिशवीत घालून मी दहिसरला घरी आले. नदीकडच्या बाजूला आमची चाळ. आईने कोट उलटासुलटा करून पाहिला.

“साडीवर? लग्नातल्या बँडवाल्यासारखा?”

“कंपनीची शोभा.”

“शोभेला डावीकडे काय झालंय?”

“शोभेला काही नाही. मी वाकडी आहे.”

आईने कोट खाली ठेवला. मी मापाचा दुसरा ब्लाउज काढला आणि दोन्ही बाजू जुळवून मधोमध घडी घातली. डावा खांदा उजव्यावर बसेना. बोटभर वर निघाला. मग तिसरा काढला. तोही तसाच. माझे सगळे ब्लाउज चाळीतल्या एकाच बाईने शिवलेले होते. मी उठले आणि तिच्या दारात गेले. आई मागोमाग आलीच.

शिवणकाम करणाऱ्या या काकू मालवणकडच्या. पन्नाशीच्या पुढच्या, खिडकीशी मशीन लावून बसलेल्या. त्यांनी कोट हातात घेतला, एकदा झटकला आणि विचारलं, “ह्यो कोट माणसाक शिवलो काय कपाटाक?”

“काकू, माझा मापाचा ब्लाउज चुकीचा शिवलाय असं शिंपी म्हणतो.”

“मेलो शिंपी! माप कोणी घेतलान?”

“कोणीच नाही. ब्लाउज पाठवला होता.”

“मगे बरोबर. हय उभी रव. भिंतीकडे पाठ.”

त्यांनी पहिल्यांदाच मला टेप लावली. चार वर्षं त्या माझे कपडे शिवत होत्या, पण त्याही नजरेने आणि जुन्या ब्लाउजवरूनच. मानेच्या मुळाशी, जिथे माळ बसते तिथे, टेपचं टोक धरलं आणि खांद्याच्या कडेचं हाड अंगठ्याने चाचपून तिथपर्यंत ओढली. दोन्हीकडे साडेचार इंच. म्हणजे रुंदी सारखी. मग त्यांनी माझ्या मानेमागे भिंतीवर लाकडी पट्टी आडवी धरली, आईला तिचं दुसरं टोक धरायला लावलं आणि पट्टीपासून खांद्याचं हाड किती खाली आहे ते मोजलं.

“उजवो दोन इंच. डावो सवा.” त्यांनी टेप गळ्यात टाकली. “तुझो डावो खांदो पाऊण इंच वर आसा, चेडवा. चार वर्सां तसोच कापतंय मी.”

“आणि मला सांगितलं नाहीत?”

“तुका सांगून काय करूचा होता? ब्लाउज बसत होतो ना?”

बसत होता. इतका नीट बसत होता की माझा खांदा मलाच कळला नव्हता. काकूंनी चार वर्षं माझं एक गुपित कापडात सांभाळलं होतं, आणि मालाडच्या शिंप्याने ते चूक समजून दुरुस्त केलं होतं.

“जन्मापासून नाही हं,” आई घाईने म्हणाली. “लहानपणी सरळ होती. मी न्हाऊ घातलंय, मला ठाऊक आहे.”

“नोकरीनंतरचं आहे,” मी म्हटलं. म्हणतानाच मान आपोआप डावीकडे झुकली आणि खांदा वर आला. फोन नसतानाही. आईने ते पाहिलं. काकूंनीही.

काकूंनी कोटाचं अस्तर उसवलं आणि दोन्ही पॅड बाहेर काढले. स्पंजचे, पावाएवढे.

“पॅड मानेक लागूक नये आणि हाडाच्या भायर जाऊक नये. एवढाच त्याचा शास्त्र. ह्ये तुझ्या खांद्याचे न्हय, तुझ्या सायबाचे.” त्यांनी डब्यातून दुसरा स्पंज काढला, माझ्या साडेचार इंचांवर खडूने खूण करून कातरला. डाव्यासाठी पापडासारखा पातळ, उजव्यासाठी त्यावर आणखी दोन थर. टाके घालून मला कोट चढवला आणि कपाटाच्या आरशासमोर उभं केलं.

मी सरळ होते.

खोटं कशाला बोलू, मला ते आवडलं. आरशातली बाई ताठ, चौकोनी, कोणाच्याही बापाला न घाबरणारी दिसत होती. दोन खांदे एका रेषेत, पितळी बटणं एका रेषेत. आईचा चेहरा उजळला. “असंच राहू दे. कोणाला कळणारही नाही.”

मी तशीच थोडा वेळ उभी राहिले. मग काय वाटलं कोण जाणे, काकूंच्या ओट्यावरचं लाटणं उचललं आणि रिसीव्हर धरतात तसं डाव्या खांद्यावर ठेवून कानाशी दाबलं. ते घसरलं. पुन्हा ठेवलं, पुन्हा घसरलं. मान आणि खांदा यांच्यामध्ये रिसीव्हर बसायची जी खाच होती, तीच त्या पापडाने भरून काढली होती. वर अस्तराचं कापड गुळगुळीत. तिसऱ्यांदा लाटणं जमिनीवर पडून मशीनच्या पायडलखाली गेलं.

“आता ह्या काय नवीन?” काकू म्हणाल्या.

“फोन.”

त्या एका लाटण्याने माझं डोकं ठिकाणावर आलं. म्हणजे कंपनीने सात वर्षं माझा खांदा वर उचलून ठेवायचा, मग तो वर आहे म्हणून मला वाकडी म्हणायचं, मग तो झाकायला मी माझ्या खर्चाने स्पंज भरायचा, आणि स्पंज भरला की फोन धरता येणार नाही. हेडफोन दिला असता तर यातलं काहीच लागलं नसतं. हा पाऊण इंच माझा नव्हताच. तो कंपनीचा होता. मी नुसता वागवत होते. कंपनीचे पंप गोदामात ठेवतात, तसा हा माझ्या अंगावर ठेवला होता. आणि कंपनीची वस्तू पाहुण्यांपासून मी का लपवायची?

“काकू, दोन्ही पॅड काढा. आणि कोट माझ्या खांद्यांवर कापा. ब्लाउज कापता तसा.”

“डावो वर, उजवो खाली?”

“जसा आहे तसा.”

“अगं पण दिसेल ना ते!” आई म्हणाली.

“सात वर्षं दिसतंय. कोणाला दिसलं?”

आई म्हणाली, “मला दिसायला हवं होतं.” आणि पदराने नाक पुसून आधीचे पावाएवढे पॅड उचलून घरी घेऊन गेली.

“सायब काय म्हणतलो?” काकूंनी कात्री उघडत विचारलं.

“ते सोमवारी कळेल.”

सोमवारी कोट माझ्या अंगावर असा बसला होता की मालाडच्या शिंप्याने पाया पडावं. कुठे चुणी नाही, कुठे ओढ नाही. फक्त सरळ नव्हता. साहेब केबिनमधून बाहेर आले, बोर्डासमोर थांबले. डोकं थोडं डावीकडे कललं, मग उजवीकडे.

“पॅड कुठे गेले?”

“काढले. त्याने फोन पडतो.”

“मॅडम, मी काय सांगितलं होतं? हा कोट आता वाकडा आहे.”

“हो. मापात आहे.”

मागे टाइपरायटर थांबला. साहेबांचे कान लाल झाले. “ठीक आहे. तुम्ही आजपासून डिस्पॅचला बसा.”

मी टेबलाच्या खणातून एक कागद काढून त्यांच्यापुढे ठेवला. रविवारी दुपारी लिहिलेला, चौथा अर्ज. त्यात चार ओळी होत्या. ‘उजवा खांदा मानेच्या पातळीखाली दोन इंच. डावा सव्वा इंच. फरकाचं कारण, सात वर्षं रिसीव्हर. उपाय, हेडफोन.’ खाली सही.

“आणि डिस्पॅचला पाठवायचं असेल,” मी म्हटलं, “तर लेखी द्या. कारणासकट.”

“कारण तुम्हाला माहीत आहे.”

“मला माहीत आहे. कागदाला माहीत हवं. ‘कामामुळे ऑपरेटरचे खांदे असमान झाल्याने तिला बोर्डावरून काढण्यात येत आहे’, असं लिहून खाली तुमची सही करा. मी आत्ता जाते. टाइप करायला बाई तयार आहे.”

“तीन प्रती लागतील ना साहेब?” मागून टायपिस्ट अत्यंत नम्रपणे म्हणाली, आणि कार्बन पेपर सरकवल्याचा आवाज आला.

साहेबांनी अर्ज उचलला, वाचला, पुन्हा वाचला. नुसतं तोंडी सांगून माणूस हलवणं त्यांनी अनेकदा केलं होतं, पण ते वाक्य कंपनीच्या कागदावर लिहून खाली सही करायची म्हणजे वेगळंच. तेवढ्यात दुसरी लाइन वाजली. मी रिसीव्हर उचलून खांद्यावर दाबला. बसला. “नमस्कार,” मी कंपनीचं नाव सांगितलं आणि बोलत राहिले. कॉर्ड लावून मान वर केली तेव्हा साहेब गेले होते. अर्ज घेऊन गेले होते.

लेखी काही आलं नाही. सोमवारी नाही, मंगळवारी नाही. मी जाग्यावरून हलले नाही. दोन्ही दिवस पाणी प्यायलाही उठले नाही, न जाणो कोणी खुर्ची उचलून नेली तर.

बुधवारी पाहुणे आले. तीन पुरुष, एक बाई, आणि त्यांच्याभोवती आमचे सगळे अधिकारी. साहेबांनी आपल्या लग्नातला कोट घातला होता. त्यातला एक पॅड जुना होऊन जागचा सुटला होता आणि मानेमागे त्यांना छोटंसं वशिंड फुटलं होतं. दिवसभर ते तसेच हार देत, दारं उघडत हिंडले. मी सांगितलं नाही. त्यांच्या मापाचा विषय माझ्याकडे नव्हता.

टायपिस्टने साडेदहालाच तिचे पॅड उपटून खणात टाकले होते. टाइप करायला हात वर घेतले की ते कानापर्यंत चढत होते. त्यामुळे दर्शनी भाग असा दिसत होता: एक बाई एका बाजूने उंच, आणि तिच्या मागे दुसरी, रिकामे खांदे खाली पडलेली. पाहुणे आमच्यापुढे जेमतेम चार सेकंद थांबले. त्यातल्या बाईने माझ्याकडे बघून मान हलवली, मीही हलवली, डावीकडे जेवढी हलते तेवढी. आणि सगळे पंप बघायला गेले.

चार सेकंद. एवढ्यासाठी कापड, पितळ आणि स्पंज.

हेडफोन पुढच्या वर्षी आला, नव्या बोर्डाबरोबर. त्याचंही परिपत्रक निघालं. त्यात ‘कर्मचाऱ्यांच्या आरोग्याबद्दल व्यवस्थापनाची आस्था’ असे शब्द होते आणि माझ्या अर्जाचा उल्लेख नव्हता. टायपिस्टने टाइप करताना तो घालू का असं मला डोळ्याने विचारलं. मी नको म्हटलं. माझ्याकडे प्रत होती.

साहेबांचे ते मोठे पॅड आईने जुन्या परकराचं कापड लावून शिवून घेतले. कढई उतरवायला ते फार उपयोगी पडले. त्या घरात ते भारदस्त वाटत.

हेडफोन लागल्यावर दोनेक वर्षांनी, दिवाळीच्या आधी, मी नवीन ब्लाउजपीस घेऊन काकूंकडे गेले. आता त्या दर वेळी टेप लावत. भिंतीशी पाठ, पट्टी आडवी, अंगठा हाडावर.

“हेडफोन घालतंस ना नेमान?” त्यांनी विचारलं.

“रोज.”

त्यांनी पुन्हा मोजलं. चष्मा वर करून टेपवरचा आकडा पाहिला.

“पाऊणच आसा, गो. उतरूक नाय.” मग टेप गळ्यात टाकून, “उजव्यात पातळसो पॅड घालूया? कोणाक कळाचा नाय.”

“नको,” मी म्हटलं. “तसाच कापा.”

त्यांनी खडू उचलला आणि डाव्या खांद्याची रेघ वर मारली.